‘अलबेला’तला ट्रम्पेट कुणाचा?

फोनवरच्या कुठल्याही म्युझिक अॅपवर ‘अलबेला’ शोधा. १९५१चा सिनेमा, भगवानदादांचा. गाण्याखाली नावं येतात: संगीतकार सी. रामचंद्र, गीतकार राजेंद्र कृष्ण, गायक लता मंगेशकर आणि चितळकर. यातले चितळकर म्हणजे पुन्हा सी. रामचंद्रच. नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याला जन्मलेले रामचंद्र नरहर चितळकर. संगीत देताना एक नाव, गाताना दुसरं, शिवाय काही सिनेमांना राम चितळकर आणि काहींना अण्णासाहेब. एका माणसाची चार नावं. आणि त्याच गाण्यांत भगवानदादांच्या पावलांना जो उचलून धरतो, त्या ट्रम्पेटच्या वादकासाठी त्या यादीत एकही रकाना नाही.

त्यांचं नाव अँतोनियो झेवियर वाझ. जन्म १९१६, गोव्यातलं हळदोणं. मुंबईच्या जॅझवाल्यांत त्यांना सगळे चिक चॉकलेट म्हणत. लुई आर्मस्ट्राँगचा त्यांच्यावर इतका प्रभाव होता की ‘हिंदुस्थानचा आर्मस्ट्राँग’ ही त्यांची ओळखच झाली. ‘चिक अँड द म्युझिक मेकर्स’ हा त्यांचा बँड स्वातंत्र्याच्या आसपासच्या वर्षांत ताजमहाल हॉटेलात वाजायचा. ‘अलबेला’त तर हा बँड झालरीच्या कपड्यांत चक्क पडद्यावर दिसतो. म्हणजे चेहरा पाहिला, आवाज ऐकला, नाव मात्र माहीत नाही, अशी आपली स्थिती. १९६७ साली ते वारले, तेव्हा वयाची पन्नाशी नुकतीच ओलांडली होती.

मी मूळचा लातूरचा, आता नांदेडला असतो. हळदोण्याच्या माणसाबद्दल मी का लिहावं, असं कुणाला वाटेल. त्याचं उत्तर बँडमध्ये आहे. आमच्याकडच्या लग्नांत ‘अलबेला’ अजून वाजतो. परण्या निघाला की ट्रम्पेटवाला जे फुंकतो त्यातलं निम्मं चिक यांच्या पिढीनं मुंबईत पहिल्यांदा फुंकलेलं असतं. नांदेडच्या वजिराबादेतून जाणारी मिरवणूक असो की लातूरच्या गंजगोलाईला वळसा घालणारी वरात, त्या आवाजाचं माहेर मुंबईतल्या बंद खोल्यांत आहे. तिथं नेमकं काय घडत होतं, हे कानानं समजून घ्यावं म्हणून हा लेख.

आधी गोव्याचंच का, ते पाहू. पोर्तुगीज अमलात गोव्यातल्या चर्चला जोडून संगीताच्या शाळा होत्या. पोरं तिथं लहान वयात स्टाफ नोटेशन वाचायला शिकत, व्हायोलिन नाहीतर एखादं फुंकवाद्य उचलत. पुढं पोटासाठी मुंबई, कराची, रंगून, कलकत्ता. तिसाव्या दशकात ताजमध्ये लिऑन अॅबी, क्रिकेट स्मिथ, टेडी वेदरफोर्ड असे आफ्रिकन-अमेरिकन जॅझवादक येऊन वाजवत होते. ही गोवेकर पोरं त्यांच्याकडून ऐकून शिकली. मग १९४९चा मुंबईचा दारूबंदी कायदा आला. दारू नाही तर हॉटेलात रात्रभर नाचणार कोण? बँडची कामं आटली. त्याच सुमाराला हिंदी सिनेमाला मोठा वाद्यवृंद हवा झाला. संगीतकार पेटीवर चाल बसवायचा, ती कागदावर उतरवून पन्नास माणसांत वाटायला नोटेशन येणारी माणसं लागायची. ती गोव्याची होती. संगीतकाराची चाल आणि आपण ऐकतो ते गाणं, यांच्या मध्ये हा माणूस उभा असे. नरेश फर्नांडिस यांच्या ‘ताज महाल फॉक्सट्रॉट’ (२०१२) या पुस्तकात ही सगळी हकिकत फार सुंदर आली आहे. गोडी असेल त्यानं ते वाचावंच.

पण त्या पुस्तकाबद्दल, आणि या विषयावरच्या बहुतेक लेखनाबद्दल, माझी एक तक्रार आहे. त्यात सूर हळहळीचा असतो. ‘पडद्याआडचे कलावंत’, ‘विस्मृतीत गेलेले’ वगैरे. हळहळ खरी आहे, तरी तिच्या नादात त्या माणसानं वाजवलं कसं, हे सांगायचं राहून जातं. लता मंगेशकरांच्या एका हरकतीवर आपल्याकडं पानंच्या पानं लिहिली गेलीत. ट्रम्पेटच्या आठ मात्रांवर दोन ओळी सापडत नाहीत. वादकाला न्याय द्यायचा तर त्याच्यावर टीका करता आली पाहिजे, म्हणजे आधी त्याला ऐकलं पाहिजे.

ऐकायला बसलो की पहिली अडचण येते ती रेकॉर्डिंगची, आणि तीच खरी गंमत आहे. चिक यांच्या काळात गाणं एका दमात रेकॉर्ड होई. गायक, तबला, व्हायोलिनं, ट्रम्पेट, सगळे एकाच वेळी. आवाज एकाच पट्टीवर, मोनो. नंतर कमीजास्त करायची सोय नाही. साठावा माणूस चुकला की साठही जणांनी पुन्हा पहिल्यापासून. माइक मोजके. अशा खोलीत ट्रम्पेट म्हणजे संकटच. एक ट्रम्पेट मोकळा सुटला तर दहा व्हायोलिनं झाकतो. त्यामुळं रेकॉर्डिस्टचं पहिलं काम बटणांवर नव्हे, जमिनीवर असे: कोण कुठं बसणार. फुंकवाद्यं मागं, माइकपासून लांब, कधी तोंड बाजूला वळवून, कधी भोंग्यात म्यूट घालून. आज तुम्ही मोबाइलवर स्लायडर ओढून जे करता ते तेव्हा खुर्ची सरकवून होई. आणि उरलेलं काम वादकानं आपल्या फुप्फुसात करायचं. जोरात वाजल्यासारखं वाटलं पाहिजे, पण प्रत्यक्षात जोरात वाजवायचं नाही.

हे कळल्यावर ‘अलबेला’ पुन्हा ऐका, शक्यतो इअरफोन लावून. फोनच्या स्पीकरला खालचे स्वर पेलत नाहीत. माझ्या कानाला चिक यांची मोठी गोष्ट वाटते ती स्वर सोडण्याची. नवशिका ट्रम्पेटवाला स्वर पकडून बसतो, कारण ट्रम्पेटवर स्वर लागणंच कठीण, लागला की सोडवत नाही. चिक यांचा स्वर येतो, हसतो आणि बाजूला होतो. गाणाऱ्याला जागा मिळते. भगवानदादांचा नाच आठवा, अंग जड आणि पाय हलके. तो हलकेपणा या तुटक फुंकेतून आलेला आहे असं माझं मत आहे. सी. रामचंद्र यांना विनोद आणि ताल यांचं नातं कळलेलं होतं हे खरंच, पण ते हवेत उमटवायला तसा ओठ लागतो.

बदल्यात चिक यांनी काय गमावलं, तेही बोललं पाहिजे. ताजमध्ये ते रात्रभर मनाला येईल तसं रचत जात असणार. जॅझचा अर्थच तो. सिनेमात त्यांना मिळत ते लिहून ठेवलेले तुकडे. दोन अंतऱ्यांच्या मधली फट भरायची आणि थांबायचं. पन्नाशीतल्या कितीतरी गाण्यांत ट्रम्पेटचा उपयोग निव्वळ उद्गारचिन्हासारखा आहे. नायिकेनं मान वळवली की तीन ट्रम्पेट एकदम ओरडतात, संपलं. जुनं म्हणून सगळं सोनं समजणारी मंडळी याकडं काणाडोळा करतात.

सॅक्सोफोनचं नशीब याहून वेगळं, आणि माझ्या मते जास्त वाईट. त्याचे मोठे वादक मनोहारी सिंग. कलकत्त्यातल्या नेपाळी घरात १९३१ साली जन्म, १९५८ मध्ये मुंबईला आले, २०१० साली गेले. बासरी, क्लॅरिनेट, मेंडोलिनही वाजवायचे. पुढं राहुलदेव बर्मन यांच्याकडं अरेंजर म्हणून त्यांनी मोठं काम केलं, बासू चक्रवर्तींबरोबर बासू-मनोहारी या जोडनावानं संगीतही दिलं. ‘काश्मीर की कली’त (१९६४) नशेत असलेला शम्मी कपूर जे गाणं म्हणतो, ओ. पी. नय्यर यांचं, त्यातला सॅक्सोफोन त्यांचा. रफी ओळ संपवतात आणि सॅक्स तिथून बोलायला लागतो. तो रफींची नक्कल करत नाही, हे लक्षात घ्या. रफी दुःख सांगतात. सॅक्स शेजारी बसून मान डोलावतो, एखादा शब्द आपल्याकडून घालतो. स्वरावरून स्वरावर घसरत जाणं, आपल्या भाषेत मींड, सॅक्सवर करायची तर ओठांचा दाब आणि बोटं दोन्ही सांभाळावी लागतात. मनोहारी ती इतकी सहज घेतात की हे वाद्य बेल्जियमच्या माणसानं १८४६ साली पेटंट घेतलेलं आहे यावर विश्वास बसू नये. ‘आराधना’तल्या (१९६९) त्या एका शॉटमध्ये चित्रित झालेल्या गाण्यातही तेच आहेत; तिथला अॅकॉर्डियन केर्सी लॉर्ड यांचा.

हे सगळं मान्य. पण हिंदी सिनेमानं सॅक्सोफोनला रात्रपाळीलाच लावलं. बार, कॅब्रे, खलनायकाचा अड्डा, पावसात भिजलेली जोडी. दिवसाउजेडी, शेतात, आईच्या तोंडी सॅक्सोफोन ऐकल्याचं आठवतं का बघा. तिकडं कर्नाटकात कद्री गोपालनाथ यांनी म्हैसूरच्या राजवाड्याच्या बँडमध्ये हे वाद्य ऐकलं आणि त्यावर आयुष्यभर कर्नाटक संगीत वाजवलं, देवळांत वाजवलं. वाद्य तेच. मनोहारींच्या हातात ती ताकद नव्हती असं नाही; त्यांना तशी जागा कुणी दिली नाही. नट एकाच छापाच्या भूमिकेत अडकला की समीक्षक तक्रार करतात. वाद्य अडकलं तर कुणी करत नाही.

आता मला खटकणारी मुख्य गोष्ट. त्या काळच्या सिनेमांच्या श्रेयनामावल्या पाहा. रेकॉर्डिस्टचं नाव असतं. मिनू कात्रक, रॉबिन चॅटर्जी ही नावं पडद्यावर कितीदा येतात. परळच्या राजकमल कलामंदिरातले आपले मंगेश देसाई तर ध्वनिमिश्रणातले दादा. ‘शोले’चं रि-रेकॉर्डिंग त्यांचं, हे नामावलीत वाचता येतं. ध्वनिआलेखनाला राष्ट्रीय पुरस्कार आहे. म्हणजे पडद्याआडच्या माणसाचं नाव द्यायचं नाही असा काही नियम नव्हता. माइक लावणाऱ्याचं नाव दिलं, माइकमध्ये फुंकणाऱ्याचं दिलं नाही. वादक संख्येनं खूप होते म्हणून, असं कुणी म्हणेल. पण मुख्य सॅक्सोफोन एकच होता. एका माणसाचं नाव लिहायला किती फिल्म लागते?

मला वाटतं, उत्तर मुंबईत शोधून भागणार नाही. ते आमच्या मांडवात सापडतं. आपल्याकडं ‘वाजंत्री’ हा शब्द अनेकवचनीच वापरतात. वाजंत्री बोलावतात, त्यांना बाजूला जेवायला वाढतात, पैसे देतात. त्यांची ओळख करून देत नाहीत. मराठवाड्यात हलगी, सनई आणि नंतर आलेला बँड, हे काम पिढ्यानपिढ्या मुख्यतः मातंग समाजानं केलं, आणि बँडमध्ये मुसलमान घरंही पुष्कळ. फुंकवाद्याला उष्टं मानणारी दृष्टी आपल्याकडं जुनी आहे; तोंड लागतं, थुंकी लागते, म्हणून ते काम खालच्यांचं. तंबोऱ्याला नमस्कार, पिपाणीला नाही. मुंबईच्या स्टुडिओत खालच्या जागी गोव्याचे ख्रिस्ती आले, एवढाच फरक. पगार बरा होता, कोट-टाय होता, पण मांडवाचा नियम तोच राहिला.

ग्रेगरी बूथ हे न्यूझीलंडमधले संगीत-अभ्यासक. त्यांनी आधी लग्नाच्या बँडवाल्यांवर ‘ब्रास बाजा’ (२००५) लिहिलं आणि मग मुंबईच्या स्टुडिओ-वादकांवर ‘बिहाइंड द कर्टन’ (२००८). दुसऱ्याचा बोलबाला झाला, पहिलं फारसं कुणाच्या हाती नसतं. मी म्हणेन, दोन्ही लागोपाठ वाचा. एकाच माणसानं ही दोन दारं ठोठावली हा योगायोग वाटत नाही. मुंबईत जो तुकडा एकदा वाजवून वादक घरी गेला, तो तुकडा बँडवाल्यानं रेडिओवरून कानानं उचलला आणि हजार वराती वाजवला. तोही मेरठच्या जली कोठीत घडलेल्या, चार ठिकाणी डाग दिलेल्या ट्रम्पेटवर. नोटेशन नाही, म्यूट नाही, आडोशाला भिंत नाही. उलट ढोल-ताशांच्या वर आवाज काढायचा. म्हणून बँडचा ट्रम्पेट कर्कश लागतो. त्याला नावं ठेवणाऱ्यांनी उन्हात दोन तास चालत फुंकून बघावं.

एक नाव मात्र देशभर पोचलं: अँथनी गोन्साल्विस. माजोर्ड्याचे व्हायोलिनवादक आणि अरेंजर, प्यारेलाल यांचे गुरू. ‘अमर अकबर अँथनी’त (१९७७) शिष्यानं त्यांचं नाव गाण्यात घातलं. अमिताभ अंड्यातून बाहेर आला, ते नाव म्हणाला, आणि नाव विनोदी पात्राचं झालं. प्यारेलाल यांची भावना खरी होती यात शंका नाही. तरी ही गोष्ट मला कायम चमत्कारिक वाटत आलीय.

नावाचा मुद्दा भावनेचा असता तर मी इतकं ताणलं नसतं. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि सादरकर्त्यांना व्यावसायिक वापरावर रॉयल्टीचा हक्क मिळाला. सादरकर्ता कुणाला म्हणायचं, या व्याख्येला एक शेपूट जोडलेलं आहे. त्याचा आशय असा: सिनेमात ज्याचं सादरीकरण प्रासंगिक किंवा किरकोळ स्वरूपाचं आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीसकट कुठंच दिलं जात नाही, त्याला सादरकर्ता धरायचं नाही. त्याच्याकडं उरतो तो एकच हक्क, आपल्या सादरीकरणाची मोडतोड होऊन बदनामी होत असेल तर हरकत घेण्याचा. गाण्याचा चेहराच ठरवणारा सॅक्सोफोन ‘किरकोळ’ आहे का, यावर वकील वाद घालू शकतात. पण दुसरी अट बघा. नाव न देण्याचा रिवाज धंद्यानंच पाडला, आणि त्याच रिवाजाचा दाखला कायद्यात येऊन बसला.

ते युग तर संपलंच. मल्टिट्रॅक आलं तसं वादक एकेकटे येऊन आपापली पट्टी भरून जाऊ लागले. ‘कुर्बानी’तलं (१९८०) बिद्दू यांचं गाणं लंडनला चोवीस ट्रॅकवर झालं आणि इथल्या निर्मात्यांचे कान बदलले. मग सिंथेसायझर, मग कॉम्प्युटर. नव्वदीत तीन ट्रम्पेटचं काम एक कीबोर्ड करू लागला. ‘सैराट’साठी (२०१६) अजय-अतुल हॉलिवुडला गेले आणि तिथल्या सिम्फनी वाद्यवृंदाकडून वाजवून घेतलं, तेव्हा आपण सगळे हरखलो. मीही. गावाकडच्या प्रेमकथेला खरीखुरी ब्रास मिळाली आणि कथा तेवढी मोठी झाली. फक्त एवढंच मनात येतं, की हळदोण्याहून निघालेली ती वाट आता मुंबईत उतरत नाही, थेट वरून जाते.

आमच्याकडं आता गल्लोगल्ली रेकॉर्डिंगच्या खोल्या झाल्यात. दहा बाय दहा, भिंतीला फोम, एक लॅपटॉप, एक कंडेन्सर माइक. भीमगीतं, अण्णा भाऊंच्या जयंतीची गाणी, लग्नाची, माळेगावच्या यात्रेची, सगळं तिथं होतं आणि रात्रीत यूट्यूबवर चढतं. मागच्या मार्चमध्ये नांदेडच्या अशाच एका खोलीत बसलो होतो. जयंतीचं गाणं होतं. कीबोर्डमधला ट्रम्पेट गाणाऱ्याला पसंत पडेना, म्हणून एका बँडमधल्या वादकाला बोलावलेलं. साठीतला माणूस. त्यांनी पहिली फुंक मारली आणि लॅपटॉपवरची रेघ लाल झाली. रेकॉर्डिंग करणारं पोरगं तेविशीतलं, कुठल्या संस्थेत शिकलेलं नाही. ते उठलं आणि म्हणालं, ‘‘मामा, थोडं भिताडाकडं तोंड करा.’’ मामांनी तोंड वळवलं, एक पाऊल मागं सरकले, भोंग्याच्या तोंडाशी रुमाल धरला. दुसऱ्या टेकला झालं.

अपलोड करताना पोरग्यानं खाली नावं टाइप केली. गीत, संगीत, गायक, रेकॉर्डिंग, कॅमेरा. मग मागं वळून विचारलं, ‘‘मामा, तुमचं पूर्ण नाव काय लिहू?’’

मामा ट्रम्पेटची नळी काढून थुंकी झटकत होते. म्हणाले, ‘‘नाव कशाला लिव्हतोस बाबा, नंबर टाक. लगीनसराई तोंडावर आलीय.’’